एकोणचाळीस मिनिटांची बखर

फलटणला सूर्य माथ्यावर येतो तेव्हा मनगटावरचे घड्याळ सरासरीने १२ वाजून ३२ मिनिटे दाखवत असते. नोव्हेंबरच्या आरंभी हा फरक सोळा मिनिटांवर येतो, फेब्रुवारीच्या मध्यावर पाऊण तासावर जातो. वर्षाचा मेळ घातला की बत्तीस. हिशेब शाळकरी आहे. भारताची प्रमाणवेळ मिर्झापूरजवळून जाणाऱ्या साडेब्याऐंशी अंश रेखावृत्तावर बेतलेली आहे, फलटण त्याच्या आठ अंश पश्चिमेला आहे आणि पृथ्वीला एक अंश वळायला चार मिनिटे लागतात. सांगलीचा फरकही जवळजवळ तेवढाच. मुंबईचा एकोणचाळीस मिनिटांचा.

आज ही मिनिटे कोणाच्या खिजगणतीत नसतात. पण सव्वाशे वर्षांपूर्वी त्यांच्यावरून मुंबईत सभा भरल्या, व्हाइसरॉयकडे अर्ज गेले, गिरणी बंद पडली आणि एकाच शहरात दोन वेळा नांदू लागल्या. त्या चाळीस-पंचेचाळीस वर्षे नांदल्या.

काळात काही बिघाड झाला की धावून जाणारे सरकारी खाते ही कल्पना विज्ञानकथेत शोभते. तिथे भूतकाळात भगदाड पडते आणि गणवेशातले अधिकारी ते बुजवायला निघतात. आपल्याकडे असे खाते एका छपराखाली कधी नव्हते, पण त्याचे काम तुकड्यातुकड्यांनी पुष्कळांनी केले: वेधशाळेने, रेल्वेने, गव्हर्नराने, ज्योतिषांच्या परिषदेने, शेवटी दिल्लीच्या समित्यांनी. यातली गंमत अशी की बहुतेक वेळा बिघाडही यांच्यापैकीच कोणीतरी करून ठेवलेला असे.

आगगाडी येण्यापूर्वी प्रत्येक गावाची वेळ त्या गावापुरती होती. दिवस सूर्योदयाला सुरू होई आणि साठ घटकांत संपे. घटका चोवीस मिनिटांची, पळ चोवीस सेकंदांचे. लग्नघरी गंगाळात पाणी भरून त्यावर तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी सोडत. ती भरून बुडाली की घटका भरली. गोरज मुहूर्ताला तर वाटीचीही गरज नसे, गुरे घराकडे वळली की अंतरपाट धरायचा. फलटणचे माध्यान्ह पुण्याच्या आधी सव्वादोन मिनिटांनी होते, हे कोणी मोजले नाही आणि मोजण्याचे कारणही नव्हते. घोड्यावरून पुणे गाठायचे तर त्या वाटेवर सव्वादोन मिनिटांना काय किंमत!

वेळेची अचूकता पहिल्यांदा लागली ती जहाजांना. समुद्रात आपण कोणत्या रेखांशावर आहोत हे कळायचे तर बंदर सोडताना घड्याळ बिनचूक लावलेले हवे. चार सेकंदांची चूक म्हणजे विषुववृत्तापाशी जवळजवळ दोन किलोमीटरची चूक. ईस्ट इंडिया कंपनीने मद्रासला १७९२ मध्ये आणि मुंबईत कुलाब्याला १८२६ मध्ये वेधशाळा उभारली ती मुख्यतः याच व्यवहारी गरजेपोटी. ठरावीक तारा दुर्बिणीच्या तारेवरून सरकताना पाहायचा, त्यावरून घड्याळ तपासायचे, आणि बंदरातल्या खांबावरचा मोठा गोळा नेमक्या क्षणी खाली सोडायचा. नांगरलेल्या जहाजांवरचे लोक तो पाहून आपापली घड्याळे लावत. काळाच्या खात्याची आपल्याकडची पहिली कचेरी म्हणायची तर ती ही.

मग रेल्वे आली. १८५३ मध्ये बोरीबंदरहून ठाण्याला गाडी गेली तेव्हा वेळेचा प्रश्न उद्भवला नव्हता, कारण ठाणे काही सेकंदांच्या फरकावर आहे. १८७० मध्ये मुंबई आणि कलकत्ता लोहमार्गाने जोडले गेले आणि प्रश्न उभा राहिला. कलकत्त्याचे घड्याळ मुंबईच्या तासाहून दोन मिनिटे जास्तच पुढे. एकेरी मार्गावर समोरासमोरून गाड्या यायच्या असतील तर प्रत्येक स्टेशनमास्तराने आपल्या गावचा सूर्य पाहून चालत नाही. रेल्वेने मधला मार्ग काढला आणि मद्रासची वेळ धरली. ती मुंबईच्या अर्धा तास पुढे, कलकत्त्याच्या सुमारे तेवढीच मागे. मद्रासच्या वेधशाळेतून तारायंत्राने इशारा सुटे आणि देशभरची स्टेशने घड्याळे जुळवत.

सातारा जिल्ह्यात ही वेळ आली सदर्न मराठा रेल्वेबरोबर. १८८०च्या दशकात पुण्याहून मिरजेकडे तिची मीटर गेज लाइन पडली तेव्हा निंबाळकरांचे फलटण संस्थान तिच्या वाटेवर नव्हते. फलटणकरांचे स्टेशन म्हणजे लोणंद, आणि ते तसेच राहिले. खुद्द फलटणला आगगाडी पोचायला एकविसावे शतक उजाडावे लागले. लोणंदच्या फलाटावरची मद्रास वेळ फलटणच्या सूर्यापेक्षा तेवीस-चोवीस मिनिटे पुढे होती. घरून सावली पाहून निघालेल्या माणसाला गाडीचा धूरच दिसणार. पण गावाने याबद्दल तक्रार करावी असे काही नव्हते. रेल्वेची वेळ रेल्वेच्या आवारात, गावाची गावात. आगगाडी पकडायची तर तासभर आधी जाऊन बसावे, एवढा तोडगा पुरेसा होता आणि तो आपल्याकडे अजून चालतो.

भांडण सुरू झाले ते ही वेळ आवाराबाहेर पडली तेव्हा.

मुंबईचे गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन. पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजला ज्यांचे नाव आहे तेच. १८८१च्या अखेरीस त्यांनी हुकूम काढला की सरकारी कचेऱ्या यापुढे मद्रास वेळेवर चालतील. कारण कागदावर बिनतोड होते: रेल्वे आणि तारखाते एका वेळेवर, कचेऱ्या दुसऱ्या, याने घोटाळे होतात. पण शहराला विचारले नव्हते. मुंबईने सकाळी अर्धा तास आधी उठावे आणि तेही मद्राससाठी, ही गोष्ट देशी माणसांना रुचली नाही तशी युरोपीय व्यापाऱ्यांनाही रुचली नाही. वर्तमानपत्रे तुटून पडली.

त्यातला सर्वांत रंगलेला अंक राजाबाई टॉवरचा. हा मनोरा कापसाच्या सट्ट्यात कुबेर झालेल्या आणि त्याच सट्ट्यात बुडालेल्या प्रेमचंद रायचंद यांच्या देणगीतून १८७८ मध्ये पुरा झाला. उंची २८० फूट, आराखडा सर गिल्बर्ट स्कॉट यांचा, नाव प्रेमचंदांच्या आईचे. आख्यायिका सांगते की राजाबाई दृष्टीने अधू होत्या, आणि जैन आचाराप्रमाणे सूर्यास्तापूर्वी जेवण उरकायचे तर वेळ कानाला कळावी म्हणून मुलाने घंटा बांधली. आख्यायिका खरी असो वा नसो, सूर्यास्ताशी नाते सांगणाऱ्या या घड्याळाने मद्रासची वेळ दाखवायची की मुंबईची, यावर विद्यापीठ आणि सरकार समोरासमोर आले. विद्यापीठाचा कल मुंबईकडे. सरकारने रात्री तबकडी उजळवण्याच्या खर्चाचे शस्त्र उपसले: आमची वेळ दाखवणार नसाल तर दिवाबत्तीचे पैसे मिळणार नाहीत. साम्राज्य एका घड्याळाच्या दिव्याचे बिल अडवून बसले, याहून चांगला विनोद त्या काळच्या प्रहसनकारालाही सुचला नसता. १८८३ मध्ये सरकारने हुकूम मागे घेतला. रेल्वे पुन्हा तिच्या आवारात गेली.

पुढच्याच वर्षी वॉशिंग्टनला आंतरराष्ट्रीय परिषद भरली आणि ग्रिनिच हे जगाचे शून्य रेखावृत्त ठरले. त्यानंतर मद्रासचे दिवस भरलेच होते. ग्रिनिचपेक्षा ५ तास २१ मिनिटे १० सेकंद पुढे असलेली वेळ जगाच्या नव्या मांडणीत कुठेच बसत नव्हती. तास नाही तर निदान अर्धा तास तरी पुरा हवा. भारत सरकारने साडेपाच तासांचा आकडा धरला. १ जुलै १९०५ पासून रेल्वे आणि तारखाते या नव्या प्रमाणवेळेवर गेले आणि १ जानेवारी १९०६ पासून मुंबई सरकारने ती आपल्या कचेऱ्यांना लावली. मुंबईपुरता अर्थ असा की घड्याळ एकदम एकोणचाळीस मिनिटे पुढे. कलकत्त्याला आपली वेळ ठेवू दिली होती, ही मिरची वेगळी.

मुहूर्त वाईट निवडला गेला होता. ऑक्टोबर १९०५ मध्ये बंगालची फाळणी अमलात आली होती, परदेशी कापडाच्या होळ्या पेटल्या होत्या, लॉर्ड कर्झन नुकतेच गेले होते पण त्यांच्याबद्दलचा राग होता तसाच होता. अशा हवेत सरकारने सांगितले की उद्यापासून सूर्य एकोणचाळीस मिनिटे उशिरा उगवतो असे माना. एरवी खगोलशास्त्रात गेला असता तो विषय राजकारणात पडला. विरोध करणाऱ्यांत वकील होते, शेठ होते, पारशी होते, वर्तमानपत्रांचे संपादक होते. हजारो सह्यांचे अर्ज गेले.

पण पहिला ठोसा वकिलांचा नव्हता, गिरणगावाचा होता. जानेवारी १९०६च्या पहिल्याच आठवड्यात एका गिरणीतल्या हजारो कामगारांनी नव्या वेळेवर कामाला उभे राहायला नकार दिला. त्यांचे गणित समजून घेण्यासारखे आहे. जानेवारीच्या आरंभी मुंबईत सूर्य प्रमाणवेळेने सव्वासातच्या सुमारास उगवतो. म्हणजे सहाचा भोंगा झाला तर तो जुन्या हिशेबाने पाच एकवीसला, मिट्ट काळोखात. आदल्याच वर्षी गिरण्यांत विजेचे दिवे येऊ लागले होते आणि दिवे आले की मालक कामाचे तास रात्रीत ढकलतात हा धडा कामगार ताजाताजा शिकले होते. पूर्वी निदान अंधार पडला की सुटका होती. आता घड्याळच हलवले तर मजुरीतून गेलेली मिनिटे कोणाकडे मागायची? त्यांची भीती अडाणीपणाची होती असे त्या काळच्या काही सुशिक्षितांना वाटले; खरे तर घड्याळ कोणाच्या हातात आहे हे त्यांना इतरांपेक्षा चांगले कळले होते.

या कामगारांत रत्नागिरीकरांच्या खालोखाल घाटावरच्यांचा भरणा मोठा, आणि घाटावरचे म्हणजे पुष्कळसे सातारा जिल्ह्याचे. आजच्या सांगली जिल्ह्याचा मोठा भाग तेव्हा साताऱ्यातच होता. माणदेशातल्या एका वर्षाआडच्या दुष्काळाने माणूस मुंबईची वाट धरी. गावात तो कोंबडा, शुक्राची चांदणी आणि सावली यांवर उठत-बसत असे. मुंबईत त्याला भोंगा मिळाला. भोंग्याचीच वेळ हलते हे त्याला १९०६ मध्ये समजले.

त्याच वर्षी मुंबई महापालिकेने ठराव केला की पालिकेची घड्याळे मुंबई वेळच दाखवतील. आणि मग सुरू झाला तो कारभार ऐकून आज कोणालाही हसू येईल. क्रॉफर्ड मार्केटच्या मनोऱ्यावर एक वेळ आणि तिथून हाकेच्या अंतरावर बोरीबंदर स्टेशनात दुसरी. सरकारी कचेरी स्टँडर्ड टाइमवर, पालिकेची मुंबई टाइमवर. पारशी अग्यारीतले विधी सूर्याला धरून असल्याने तिथे मुंबई वेळ ठाम राहिली. निमंत्रणपत्रिकेत वेळेपुढे कंसात ‘स्टँ. टा.’ असे छापावे लागे. ते नसेल तर पाहुणा मंगलाष्टकांना येणार की पंगतीला, हे त्याच्या घरच्या घड्याळावर अवलंबून. शहराने हे सारे निमूटपणे अंगी लावून घेतले. दोन वेळा पाठ असणे हे मुंबईकराच्या हुशारीत जमा झाले.

सरकारने पालिकेवर खटला भरला नाही, शिपाई पाठवून काटे फिरवले नाहीत. राजाबाई टॉवरच्या दिव्याचा प्रसंग आठवत असावा.

घड्याळाचा पुढचा मोठा हुकूम निघाला तो दुसऱ्या महायुद्धात, आणि त्या वेळी सातारा जिल्हा साक्षीदार होता. जपान्यांनी ब्रह्मदेश घेतला होता. दिवसाचा उजेड जास्त वापरावा आणि वीज वाचावी म्हणून १ सप्टेंबर १९४२ पासून सबंध देशाचे घड्याळ एक तास पुढे करण्यात आले. फलटणला सूर्य माथ्यावर येई तेव्हा आता १ वाजून ३२ मिनिटे. साडेदहाला कचेरी उघडली तर सूर्याच्या हिशेबाने ते नऊच. मुंबई वेळ धरून बसलेल्यांना सरकारी घड्याळ आता १ तास ३९ मिनिटे पुढे दिसू लागले.

तारखा जवळजवळ ठेवून पाहाव्यात अशा आहेत. १ सप्टेंबरला घड्याळ हलले. ३ सप्टेंबरला तासगावच्या मामलेदार कचेरीवर मोर्चा गेला आणि तिथे तिरंगा लागला. ९ सप्टेंबरला वडूजच्या कचेरीवर निघालेल्या मोर्चावर गोळीबार झाला. परशुराम घार्गे यांच्यासह नऊ जण हुतात्मा झाले. दुसऱ्या दिवशी इस्लामपूर. मोर्चे ‘चले जाव’चे होते, घड्याळाशी त्यांचा काही संबंध नव्हता. पण कचेरीच्या भिंतीवरचे घड्याळ, तिजोरी, दप्तर, शिक्का या सगळ्याच गोष्टींचा अधिकार त्या दहा दिवसांत प्रश्नात आला होता, आणि पुढच्या वर्षापासून नाना पाटलांच्या प्रतिसरकारने या जिल्ह्यातल्या गावांत स्वतःची न्यायदान मंडळे, स्वतःची तुफान सेना, स्वतःचा कारभार उभा केला. दिल्लीने हलवलेला तास १५ ऑक्टोबर १९४५ला परत मागे आला, तेव्हाही प्रतिसरकार कृष्णाकाठी चालूच होते. इतिहासाच्या पुस्तकांत हा तास सहसा येत नाही. जुन्या जन्मपत्रिका पाहणाऱ्या ज्योतिषाला तो सोडता येत नाही: १९४२ ते १९४५ मधला जन्म असेल तर सांगितलेली वेळ युद्धातली की नेहमीची, हे विचारल्याशिवाय लग्नरास मांडता येत नाही, कारण दोन तासांत ती रास बदलते आणि तास म्हणजे अर्धी रास.

फलटण संस्थान मार्च १९४८ मध्ये विलीन झाले. त्याच वर्षी कलकत्त्याने आपली वेळ सोडली. मुंबईची आणखी काही वर्षे रेंगाळली; स्वातंत्र्यानंतर पालिकेनेही तिचा हट्ट सोडला तेव्हा भांडायला समोर परका हुकूमदार उरलेला नव्हता, आणि घराघरातला रेडिओ बातम्यांच्या आधी टिक् टिक् करून एकच वेळ सांगत होता. फर्ग्युसन आणि कर्झन यांच्या हुकमांना जे जमले नाही ते त्या टिक् टिकने केले.

आता ही वेळ सांभाळते नवी दिल्लीतली राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळा, सीझियमच्या अणुघड्याळांवर. काळाच्या आपत्तीसाठी सरकारने उघडपणे पथक नेमल्याचे उदाहरण तर अगदी अलीकडचे आहे. संगणकांत वर्ष दोनच आकड्यांत लिहिण्याच्या सवयीमुळे १ जानेवारी २००० ला यंत्रे १९०० सालात जाऊन पडतील, या भीतीने १९९८ मध्ये नियोजन मंडळाचे सदस्य माँटेकसिंग अहलुवालिया यांच्या अध्यक्षतेखाली कृतिदल स्थापन झाले. ३१ डिसेंबरची रात्र बँका, वीज मंडळे आणि विमानतळांवर जागून काढली गेली. फारसे काही झाले नाही. खबरदारी घेतली म्हणून झाले नाही की होणारच नव्हते, हा वाद मिटण्यासारखा नाही. पण मुंबई-पुण्यातल्या संगणक कंपन्यांना जगभरातून मिळालेल्या दुरुस्तीच्या कामांनी पुढच्या वीस वर्षांचा पाया घातला एवढे खरे. जानेवारी २०२५ मध्ये केंद्राने प्रमाणवेळेच्या नियमांचा मसुदा काढला. त्यात कायदेशीर, व्यापारी आणि सरकारी व्यवहारांत भारतीय प्रमाणवेळेखेरीज दुसरी वेळ वापरण्यास मनाई सुचवली होती. १८८१च्या हुकमाची भाषा याहून फार निराळी नसावी.

घड्याळाचे भांडण मिनिटांचे होते. पंचांगाचे भांडण महिन्याचे आहे, आणि त्यातला एक निर्णायक प्रसंग सांगलीला घडला.

या गोष्टीचा नायक पुन्हा कुलाबा वेधशाळेतूनच येतो. केरो लक्ष्मण छत्रे, नागावचे, १८२५चा जन्म. वयाच्या सोळाव्या वर्षाच्या आतबाहेर ते कुलाब्याला सहायक म्हणून लागले. ज्या दुर्बिणीवरून जहाजांची वेळ ठरे तिच्यातून त्यांनी आकाश पाहिले आणि पंचांगात छापलेले आकाश त्याच्याशी जुळत नाही हे त्यांना दिसले. महाराष्ट्रातली पंचांगे तेव्हा गणेश दैवज्ञांच्या ‘ग्रहलाघवा’वरून होत. तो ग्रंथ १५२०चा. उत्तम, सुटसुटीत, पण साडेतीनशे वर्षांत बारीक चुका साचून ग्रहणे चुकू लागली होती. छत्र्यांनी १८६५ पासून आधुनिक कोष्टकांवर आधारलेले पंचांग सुरू केले. आबासाहेब पटवर्धनांच्या पाठबळामुळे त्याला पटवर्धनी पंचांग म्हणत. फार लोकांनी ते घेतले नाही. पुढे छत्रे पुण्यात गणिताचे प्राध्यापक झाले आणि त्यांच्या विद्यार्थ्यांत एक बाळ गंगाधर टिळक होता.

गणित सुधारायचे हे हळूहळू मान्य झाले. अडले ते आरंभबिंदूवर. राशिचक्र सुरू कुठून मानायचे? छत्रे आणि त्यांच्या बाजूचे रेवतीतल्या एका ताऱ्यापासून धरत. बागलकोटचे गणिती व्यंकटेश बापूजी केतकर चित्रेच्या समोरच्या बिंदूपासून. दोन्हींत सुमारे चार अंशांचे अंतर. सूर्य रोज साधारण एक अंश चालतो, म्हणून रैवत पक्षाची संक्रांत चार दिवस आधी येते. टिळक पंचांगात मकरसंक्रांत १० जानेवारीच्या आसपास सापडते ती यामुळे. चार दिवसांनी कोणाचे बिघडते, असे वाटेल. पण ज्या चांद्र महिन्यात संक्रांत नाही तो अधिक महिना. अमावास्या त्या चार दिवसांच्या फटीत सापडली की एका पक्षाचा अधिक महिना दुसऱ्याला निज ठरतो, आणि सणच्या सण महिन्याने हलतात.

१९०४ मध्ये मुंबईत, मग पुण्यात, आणि १९२०च्या सुमारास पटवर्धनांच्या सांगलीत ज्योतिषांची संमेलने भरली. टिळक या प्रकरणात पहिल्यापासून गुंतलेले. मंडालेहून सुटून, विलायतेची वारी करून, राजकारणाच्या ऐन धामधुमीत ते आरंभबिंदूच्या या चर्चेला वेळ देत, हे त्यांच्या स्वभावाला धरूनच होते. सांगलीने रैवत पक्ष उचलला. त्याच तत्त्वांवर नागपूरचे केशव लक्ष्मण दप्तरी यांनी पंचांग-गणिताचा करणग्रंथ रचला आणि टिळक पंचांग उभे राहिले. १ ऑगस्ट १९२० ला टिळक गेले. ते आणखी दहा वर्षे असते तर सगळा महाराष्ट्र त्यांच्या पंचांगावर गेला असता का, सांगता येत नाही. रूढी काही टिळकांनाही पटकन ऐकत नसे. मोठा समाज चित्रेच्या बाजूच्या पंचांगांवर राहिला.

स्वतंत्र भारताने हा गोंधळ निस्तरायला नोव्हेंबर १९५२ मध्ये मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. तिने देशभरातली पंचांगे मागवली तेव्हा तीसेक निरनिराळ्या पद्धती चालू असल्याचे दिसले. समितीत पुण्याहून ‘केसरी’चे ज. स. करंदीकर होते आणि नागपूरहून दप्तरी होते, म्हणजे सांगलीची बाजू मांडायला घरचीच माणसे होती. तरी १९५५च्या अहवालात चित्रेच्या बाजूचा आकडा आला. २२ मार्च १९५७ पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली, चैत्र १, शके १८७९. राजपत्रावर तिची तारीख छापली जाते आणि आकाशवाणीवर सांगितली जाते. ती पाहून कोणी लग्न ठरवल्याचे ऐकिवात नाही.

पालखीने या सगळ्या कटकटीवर फार जुना उपाय शोधून ठेवला आहे. ज्ञानेश्वर महाराजांच्या पालखी सोहळ्याला आजचे रूप दिले ते साताऱ्याजवळच्या आरफळच्या हैबतबाबांनी, एकोणिसाव्या शतकात. आळंदीहून निघायची तिथी ठरलेली, पंढरीला पोचायची एकादशी ठरलेली. मधल्या वाटेवर एखाद्या तिथीचा क्षय झाला किंवा वृद्धी झाली की दिवस कमी पडतात वा उरतात, आणि तो फरक मुक्कामांतून भरून काढला जातो. लोणंदला पालखी एखाद्या वर्षी एक दिवस थांबते, एखाद्या वर्षी अडीच. त्याप्रमाणे तरडगाव आणि फलटणच्या पालांच्या, पाण्याच्या टँकरच्या आणि पिठल्याभाकरीच्या तारखा हलतात. नगरपालिका, पोलीस आणि आरोग्य खाते आपले वेळापत्रक पालखीच्या तिथीला जुळवून घेतात. उलट कधी होत नाही.

टिळक पंचांग अजून निघते. २०२३ मध्ये बहुतेकांच्या पंचांगात अधिक श्रावण पडला आणि गणेश चतुर्थी १९ सप्टेंबरला आली. टिळक पंचांगात तो महिना अधिक नव्हताच, त्यामुळे ते मानणाऱ्या कोकणातल्या आणि घाटावरच्या घरांत गणपती महिनाभर आधी, २० ऑगस्टला बसले. सरकारी सुट्टी एकच होती, सप्टेंबरची. पण २० ऑगस्टला रविवार असल्याने रजेचा अर्ज कोणाला करावा लागला नाही.